हसणारा कोठे उभा असतो?

(शाळेच्या वार्षिक स्मृतिव्याख्यानमालेत कुकटपल्ली, हैदराबाद येथे दिलेले व्याख्यान)



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, त्यांच्या शेजारच्या खुर्चीवर बसून मी या शाळेत अकरा वर्षे काढली. ते मराठी शिकवीत, मी इंग्रजी. आमच्या दोघांच्या मध्ये एक लाकडी कपाट होते आणि त्या कपाटाच्या वरच्या फळीवर दोन पुस्तके कायम शेजारी शेजारी ठेवलेली असत : मार्क ट्वेनच्या जगप्रवासाच्या पुस्तकाची एक जीर्ण प्रत आणि श्रीपाद कृष्ण कोल्हटकरांचे ‘सुदाम्याचे पोहे’. एक माझ्या विषयाचे, दुसरे त्यांच्या विषयाचे. परंतु दोन्ही पुस्तके त्यांचीच होती. गुरुजींना स्वतःची स्तुती ऐकवत नसे. कोणी ती सुरू केली की ते चष्मा पुसायला घेत आणि स्तुती संपेपर्यंत तो पुसून होत नसे. म्हणून आज मी त्यांच्याविषयी थोडे आणि त्यांच्या त्या फळीविषयी अधिक बोलणार आहे.

विनोद म्हटला की आपण विचारतो, कशाला हसायचे? गुरुजी वेगळा प्रश्न विचारीत. ते म्हणत, हसणारा कोठे उभा आहे ते आधी पाहा. तो ज्याला हसतो त्याच्या रांगेत उभा आहे, की ओट्यावर उभा राहून खालच्या माणसाकडे पाहून हसतो आहे? या एका प्रश्नाच्या आधाराने मला आज दोन विनोदकारांकडे पाहावयाचे आहे.

आरंभ ट्वेनपासून करू. त्याचे खरे नाव सॅम्युअल लँगहॉर्न क्लेमेन्स. जन्म ३० नोव्हेंबर १८३५, अमेरिकेच्या मिसूरी राज्यातील फ्लोरिडा नावाच्या एका खेड्यात. बालपण गेले मिसिसिपी नदीच्या काठच्या हॅनिबल गावी. वडील १८४७ साली वारले आणि मुलाचे शिक्षण संपून छापखान्यातील उमेदवारी सुरू झाली. पुढे तो नदीवरच्या आगबोटींचा वाटाड्या झाला आणि १८५९ साली त्याला त्या कामाचा परवाना मिळाला. वाळूच्या दांड्यांनी भरलेल्या, रोज पात्र बदलणाऱ्या नदीतून अंधारात बोट न्यायची, असे ते जोखमीचे काम. पाण्याची खोली मोजणारा खलाशी दोरी टाकून ‘मार्क ट्वेन’ असे ओरडला की पाणी दोन वाव, म्हणजे बारा फूट, आहे असे समजावे. बोट तेवढ्या पाण्यातून निभावून जाते. १८६१ साली यादवी युद्ध सुरू झाले, नदीवरील वाहतूक बंद पडली, वाटाड्याची नोकरी गेली. तो पश्चिमेकडे नेवाडात गेला, वृत्तपत्रात लिहू लागला आणि १८६३ मध्ये त्याने खलाशाची ती आरोळीच आपले नाव म्हणून घेतली. टोपणनावे पुष्कळांची असतात. पण आपल्या पूर्वीच्या धंद्यातील खोली मोजण्याचा शब्द ज्याने नाव म्हणून लावला, त्याच्याकडून वाचकाने उथळ पाण्याची अपेक्षा ठेवू नये.

१८६५ च्या बेडकाच्या गोष्टीने त्याचे नाव अमेरिकाभर झाले. १८६९ मध्ये युरोप आणि पॅलेस्टाइनच्या प्रवासाचे पुस्तक आले, १८७६ मध्ये ‘टॉम सॉयर’, आणि १८८४-८५ मध्ये ‘हकलबेरी फिन’. या शेवटच्या पुस्तकात एक दारुड्याचा पोर, हक, आणि जिम नावाचा पळून निघालेला गुलाम एका तराफ्यावरून नदीने प्रवास करतात. गुलामाला पळून जाण्यास साह्य करणे ही चोरी आहे आणि चोराला नरक मिळतो, हेच हकला शिकविलेले असते. त्यावर त्याचा पूर्ण विश्वासही असतो. म्हणून तो जिमच्या मालकिणीला पत्ता कळविणारी चिठ्ठी लिहितो. मग जिमचे प्रेमळ वागणे त्याला आठवते, आणि नरकात जावे लागले तरी हरकत नाही असे ठरवून तो चिठ्ठी फाडून टाकतो. गुलामगिरी वाईट आहे, असे लेखक येथे एका अक्षराने म्हणत नाही. उलट हकला ती योग्यच वाटते. आपण हसतो ते या पोराच्या पापभीरूपणाला, आणि हसता हसता लक्षात येते की ज्या समाजाने त्याला हे पाप शिकविले, तो समाज थेट देवळात जाऊन बसलेला आहे. १८८५ साली कॉन्कर्ड येथील सार्वजनिक वाचनालयाने हे पुस्तक असभ्य ठरवून काढून टाकले. गंमत अशी, की त्या सभ्य मंडळींना मुलाची भाषा खटकली.

आता मी आपल्याला १८९६ सालच्या मुंबईत नेतो. आपल्या शाळेच्या दारावरून जो हमरस्ता जातो, तो मुंबईचाच. आज त्याच्या डोक्यावरून मेट्रो धावते, एवढाच फरक. ट्वेन त्या मुंबईत जानेवारी महिन्यात बोटीतून उतरला, तो हौसेने नव्हे. अक्षरजुळणीच्या एका यंत्रात त्याने आपली संपत्ती ओतली होती. ते यंत्र नीट चालले नाही, त्याची प्रकाशनसंस्थाही १८९४ मध्ये बुडाली आणि डोक्यावर सुमारे एक लाख डॉलरचे कर्ज झाले. दिवाळखोरीच्या कायद्याने तो बराचसा सुटला असता. परंतु पै न् पै फेडण्याचा निश्चय करून तो साठीच्या उंबरठ्यावर, पत्नी आणि एका मुलीसह, जगभर व्याख्याने देत निघाला. मुंबईतील नॉव्हेल्टी नाटकगृहात त्याची व्याख्याने झाली. पुणे आणि बडोदे येथेही तो जाऊन आला. हैदराबाद मात्र त्याच्या वाटेवर नव्हते.

मुंबईच्या हॉटेलात उतरल्या दिवशी घडलेला एक प्रसंग त्याने लिहून ठेवला आहे. गुरुजींच्या प्रतीत त्या पानाला खूण होती. एक धिप्पाड जर्मन गृहस्थ खोलीची व्यवस्था लावण्यासाठी नोकरांना घेऊन वर आला. गॅलरीकडे उघडणाऱ्या दाराशी एक नोकर काही खटपट करीत होता. त्याचे काय चुकले हे न सांगता त्या गृहस्थाने त्याच्या थोबाडीत मारली आणि मग काय चुकले ते सांगितले. नोकराने मुकाट्याने मार खाल्ला. त्याच्या चेहऱ्यावर रागाची रेषाही उमटली नाही.

ट्वेनने येथे काय लिहावे? परदेशी प्रवासी अशा वेळी हिंदुस्थानच्या गरीब स्वभावावर किंवा जर्मन माणसाच्या उद्धटपणावर चार ओळी लिहून मोकळा झाला असता. ट्वेनचे मन मात्र त्या थपडेसरशी पन्नास वर्षे मागे, हॅनिबल गावात गेले. गुलामाशी बोलण्याची हीच रीत आपल्या गावी होती, हे त्याला एकाएकी आठवले. आपले वडील किती सज्जन आणि दयाळू होते, मला त्यांनी उभ्या जन्मात दोनदाच हात लावला, असे तो सांगतो. आणि लगेच सांगतो, की घरातील लुईस नावाच्या निरुपद्रवी गुलाम पोराला तेच वडील क्षुल्लक चुकीसाठी चापट मारीत. त्यापुढे याहून भयंकर आठवण येते. दहा वर्षांचा असताना त्याने पाहिले, की एका माणसाने कामातल्या एका लहानशा चुकीसाठी आपल्या गुलामाच्या डोक्यात लोखंडी दगड फेकून मारला. तासाभरात तो गुलाम मेला. गावात कोणाला ते आवडले नाही, पण कोणी फारसे बोललेही नाही.

श्रोतेहो, जगाला हसविण्याचे पैसे घेऊन आलेला हा माणूस मुंबईत दुसऱ्याची थप्पड पाहतो आणि स्वतःच्या बापाचे नाव घेतो. हसणारा कोठे उभा असतो, या प्रश्नाचे इतके सरळ उत्तर मी फार थोड्या ठिकाणी वाचले आहे.

आणि तरीही गुरुजी मला पुढची पाने वाचायला लावीत. कारण त्याच प्रवासात ट्वेनने एक नवा नोकर ठेवला, त्याचे नाव आपल्याला फिके वाटले म्हणून त्याला ‘सैतान’ हे नाव दिले, आणि त्या नावावर पानेच्या पाने विनोद केले. नोकर मोठा चपळ होता, ट्वेनचा त्याच्यावर लोभ होता, हे सारे खरे. परंतु थपडेची वेदना ज्याला कळली, त्यालाही नावाची वेदना कळली नाही. माणूस एका पानावर रांगेत उभा असतो आणि दुसऱ्या पानावर, त्याचे त्यालाही न कळत, ओट्यावर चढलेला असतो. गुरुजी म्हणत, ही दोन्ही पाने एकत्र वाचावीत. एकच पान वाचले तर आपण एक तर भक्त होतो, नाही तर निंदक.

त्या प्रवासाचा शेवट दुःखाचा झाला. १८९६ च्या ऑगस्टमध्ये तो इंग्लंडात असताना त्याची थोरली मुलगी सूझी अमेरिकेत मेंदूज्वराने गेली. त्याच दुःखात त्याने प्रवासाचे पुस्तक लिहिले. ते १८९७ मध्ये निघाले आणि १८९८ पर्यंत कर्ज फिटले.

आता फळीवरच्या दुसऱ्या पुस्तकाकडे येतो. ट्वेन हिंदुस्थानात फिरत होता त्याच १८९६ साली किर्लोस्कर नाटक मंडळीने ‘वीरतनय’ हे नवे नाटक रंगभूमीवर आणले. नाटककार होते पंचविशीतील श्रीपाद कृष्ण कोल्हटकर. जन्म २९ जून १८७१, नागपूरचा. पुढील वर्षी ते कायद्याची परीक्षा उत्तीर्ण झाले आणि वऱ्हाडात वकिली करू लागले. नाटककार, समीक्षक, ज्योतिर्गणिताचे अभ्यासक अशा त्यांच्या अनेक ओळखी आहेत. आपल्या स्नेहसंमेलनात म्हटले जाणारे महाराष्ट्रगीतही त्यांचेच. परंतु मराठी वाचक त्यांना विशेषेकरून स्मरतो तो विनोदी लेखनाचा जनक म्हणून.

१९०२ साली ‘विविधज्ञानविस्तार’ मासिकात त्यांचा ‘साक्षीदार’ हा पहिला विनोदी लेख प्रसिद्ध झाला. वकिलाने विनोदासाठी पहिला विषय निवडला तो कचेरीतला, ज्या व्यवसायावर स्वतःची चूल पेटत होती त्यातला! पुढे अशा अठरा लेखांचे ‘अठरा धान्यांचे कडबोळे’ १९१० मध्ये निघाले आणि १९२३ मध्ये बत्तीस लेखांचे ‘सुदाम्याचे पोहे अर्थात साहित्य-बत्तिशी’. बत्तीस लेख म्हणून बत्तिशी, आणि हसताना दिसते तीही बत्तिशीच. कोल्हटकरांना कोटी सुचली नाही असा शब्द मराठीत विरळा. योगायोग पाहा : १८३५ साली हॅलेचा धूमकेतू आला त्या वर्षी ट्वेन जन्मला आणि १९१० साली तो पुन्हा आला तेव्हा, २१ एप्रिलला, ट्वेन गेला. ग्रहगणितात रमणाऱ्या कोल्हटकरांचे विनोदाचे पहिले पुस्तक त्याच धूमकेतूच्या वर्षीचे.

या लेखांचा निवेदक सुदामा आणि त्याचे सोबती बंडूनाना व पांडूतात्या. ही तिघे सुधारक नव्हेत. जुन्या रूढींचा, व्रतवैकल्यांचा, सणांतील धांगडधिंग्याचा, भोळ्या समजुतींचा त्यांना मोठा अभिमान. ते या साऱ्यांचे मनापासून समर्थन करतात, आणि त्यांचे समर्थन ऐकता ऐकताच ती रूढी वाचकाच्या डोळ्यांदेखत कोसळते. कोल्हटकर स्वतः सुधारणावादी होते. दारूच्या व्यसनावर ‘मूकनायक’ आणि विधवाविवाहाच्या प्रश्नावर ‘मतिविकार’ ही नाटके त्यांनी लिहिली. सुधारकाच्या व्यासपीठावरून सनातन्यांची टर उडविणे त्यांना सहज शक्य होते. ते त्यांनी केले नाही. त्यांनी सुदाम्याला पुढे केले आणि स्वतः त्याच्या पंगतीला जाऊन बसले. हकने आपल्या समाजाची शिकवण खरी मानावी आणि सुदाम्याने आपल्या रूढी खऱ्या मानाव्यात, ही युक्ती एकाच जातीची आहे. भोळा माणूस बोलतो आणि शहाणे लोक उघडे पडतात. कोणी कोणाचे घेतले, हा शोध मला येथे घ्यावयाचा नाही. ज्यांना आपल्याच माणसांना हसायचे असते त्यांना ही वाट आपोआप सापडते, एवढेच मी म्हणेन.

कोल्हटकरांचा ‘चोरांचे संमेलन’ हा लेख आपल्यापैकी अनेकांनी वाचला असेल. सभासंमेलनांच्या थाटाची त्यात मनसोक्त खिल्ली आहे. पुढे १९२७ साली पुण्याच्या साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदाचा मान त्यांनाच मिळाला. संमेलनाला हसलेला मनुष्य संमेलनाच्या खुर्चीत बसला, याचे कोणाला नवल वाटेल. मला त्यात सुसंगती दिसते. आपल्या घरालाच माणूस इतक्या हक्काने हसू शकतो. राम गणेश गडकरी त्यांना गुरू मानीत. त्यांनी ‘बाळकराम’ या नावाने हीच परंपरा पुढे नेली. चिं. वि. जोशींच्या चिमणरावाने तर बाहेरचा बळी शोधलाच नाही, तो सतत स्वतःचीच फजिती सांगत राहिला.

कोल्हटकरांच्या मर्यादाही सांगितल्या पाहिजेत. त्यांची वाक्ये लांब, भाषा संस्कृतप्रचुर, आणि एका कोटीच्या पाठोपाठ दुसरी कोटी येऊन पहिलीच्या पायांत पाय घालते. आजच्या विद्यार्थ्याला शब्दकोश जवळ ठेवावा लागतो. दुसरी मर्यादा मोठी आहे. सुदाम्याचे जग पांढरपेशांचे जग आहे. त्या पंगतीच्या बाहेर जे उभे होते त्यांचे हसणे आणि रडणे तेथे ऐकू येत नाही. ते ऐकायचे तर आणखी मागे, जोतीराव फुल्यांकडे जावे लागते. त्यांचे ‘गुलामगिरी’ हे पुस्तक १८७३ चे. जोतीराव आणि धोंडिबा यांच्या संवादात पुराणकथांची जी धारदार उलटतपासणी त्यांनी केली आहे, ती उपहासाची मराठी परंपरा किती जुनी आणि किती कडक आहे हे दाखविते. त्यांनी ते पुस्तक अर्पण केले निग्रोंना दास्यातून मुक्त करणाऱ्या अमेरिकेतील सदाचारी लोकांना. म्हणजे ट्वेनने हक आणि जिमला तराफ्यावर बसविण्याच्या दहा-बारा वर्षे आधी पुण्यातील एक माणूस त्या गुलामांचे आणि आपल्या शूद्रातिशूद्रांचे नाते ओळखून बसला होता. कोल्हटकर पंगतीत बसून हसले. फुले पंगतीबाहेर ठेवलेल्यांच्या रांगेतून हसले, आणि म्हणून त्यांचे हसणे अधिक बोचले.

हीच गोष्ट पुढे अमेरिकेतही घडली. पर्सिव्हल एव्हरेट या कृष्णवर्णीय लेखकाने २०२४ मध्ये ‘जेम्स’ ही कादंबरी लिहून हकची कथा जिमच्या तोंडून सांगितली, आणि २०२५ मध्ये तिला पुलित्झर पारितोषिक मिळाले. ज्याच्याविषयी दीडशे वर्षे बोलले गेले, तो आता स्वतः बोलू लागला. ट्वेनचे मोठेपण यामुळे कमी होत नाही. त्याने तराफा सोडला नसता, तर जिमला बोलायला जागा कोठून मिळाली असती?

येथपर्यंत मी पुस्तकांच्या आडून बोललो. आता, गुरुजींचा चष्मा पुसून झाला असेल असे समजून, ही पुस्तके माझ्या हाती कशी आली ते सांगतो.

मी शाळेत नवा होतो. स्नेहसंमेलनासाठी एक प्रहसन लिहिण्याचे काम माझ्याकडे आले. आपल्या शाळेत तेव्हा एक तेलुगू भाषक शिपाई होते. मुले त्यांना मामा म्हणत. वर्गाबाहेर बसून, मुलांचे बोलणे ऐकून ऐकून ते मराठी शिकले होते. लिंगभेद तेवढा त्यांना साधत नसे. ‘माझा मुलगी आला’, ‘चहा झाली’ असे ते बोलत. मी प्रहसनात एक शिपाई घातला आणि त्याच्या तोंडी ही सारी वाक्ये घातली. नाटक रंगले. सभागृह हसून लोळले. मामा चहाचा ट्रे घेऊन दारात उभे होते. तेही हसत होते. ते हसणे पाहून मी निश्चिंत झालो.

दुसऱ्या दिवसापासून मामा माझ्याशी हिंदीत बोलू लागले. ‘सर, चाय लाऊँ?’ इतरांशी मराठीच, गुरुजींशी तर तासन् तास मराठी. फक्त माझ्यासमोर ते शब्द त्यांनी आत घेतले. मला ते कळायलाही आठवडा लागला. कळले तेव्हा गुरुजींना म्हणालो, “पण ते स्वतः हसले होते!” गुरुजींनी कपाटातून ही दोन पुस्तके काढली, ट्वेनचे ते मुंबईचे पान उघडले आणि म्हणाले, “तुम्ही हसविलेत खरे. मार कोणाला बसला, तेवढे पाहा. आणि मार खाणारा रागावला नाही, हा मारणाऱ्याचा बचाव होत नाही.”

मी माफी मागितली. मामा हिंदीतच म्हणाले, “जाने दो, सर.” आणि ते प्रकरण त्यांनी खरोखरच जाऊ दिले. मराठी मात्र परत आली नाही. माझ्याकडून एका माणसाची भाषा हरवली होती आणि ती शोधून देण्याचा उपाय कोणत्याही पुस्तकात नव्हता.

आपण हैदराबादची मराठी माणसे. आपल्या बोलण्यालाही पुण्या-मुंबईत कोणी ना कोणी हसलेले आहे. ‘काय करायलास’, ‘नक्को’ या शब्दांवर आपल्या नकला झालेल्या आहेत. त्या रांगेत आपण स्वतः उभे राहिलेलो असताना मी ओट्यावर चढलो कसा, याचे उत्तर मला अजून पुरते सापडलेले नाही. एवढे कळले, की ओटा फार उंच नसतो. एका पायरीचा असतो, म्हणून चढल्याचे लक्षात येत नाही.

मामा निवृत्त झाले त्या दिवशी मी ठरविले, की निरोपाचे चार शब्द तेलुगूत बोलायचे. आठ दिवस घोकून गेलो. मामांची मुलगी शिकून नोकरीला लागली होती, त्या दिवशी ती सभेला आली होती. मी तिचा उल्लेख केला आणि ‘वच्चिंदि’ म्हणायच्या जागी मोठ्या आत्मविश्वासाने ‘वच्चाडु’ म्हणून गेलो. सभागृहात हशा पिकला. मुलीने तोंडाला पदर लावला. गुरुजी पहिल्या रांगेत बसले होते, त्यांनी चष्मा पुसायला घेतला. आणि मामा, इतक्या वर्षांनंतर प्रथमच, माझ्याकडे पाहून मराठीत म्हणाले, “सर, मुलगी आला नाही. मुलगी आली.”

त्यांचे लिंग अचूक होते. चुकले होते ते माझे.

श्रोतेहो, विनोदाविषयी मला जे कळले ते एवढेच.